वाचकांचे प्रश्न : बोलण्याशिवाय बुद्धी मोजताना

या वेळच्या पत्रांतली बरीचशी एकाच विषयावरची निघाली: ज्यांना ऐकू येत नाही, बोलता येत नाही किंवा बोललेलं नीट उमगत नाही, त्यांची बुद्धिचाचणी. लांब पत्रं आटोपशीर करून घेतली आहेत.

माझी मुलगी सहा वर्षांची आहे, जन्मापासून कर्णबधिर. शाळेने बुद्ध्यांक काढून आणायला सांगितला. एका ठिकाणी ६८ आला. तीन महिन्यांनी दुसरीकडे ‘अशाब्दिक’ चाचणी केली तर ९७. एकाच मुलीचे दोन आकडे कसे? खरा कोणता धरायचा?

दोन्ही अहवाल समोर ठेवा. आकडा बाजूला राहू द्या, आधी चाचणीचं नाव आणि उपचाचण्यांची यादी बघा. पहिल्या ठिकाणी शब्दांचे अर्थ, सामान्य माहिती, ‘असं झालं तर काय करशील’ छापाचे प्रश्न असतील तर त्या ६८ मध्ये मुख्यतः मोजली गेली ती तिच्यापर्यंत आजवर पोचलेली भाषा. शंभरच्या आसपासचा आकडा दोन वेळा काढला तर पाच-सात गुण इकडेतिकडे होतात, ते मान्य. २९ गुणांचा फरक मोजणीतल्या चुकीने पडत नाही; दोन चाचण्यांनी दोन वेगळ्या गोष्टी मोजल्या म्हणून तो पडतो.

कर्णबधिर मुलांवरच्या अनेक दशकांच्या अभ्यासांत हेच चित्र पुन्हा पुन्हा दिसतं. अशाब्दिक चाचण्यांत त्यांची सरासरी ऐकणाऱ्या मुलांच्या जवळपास येते, शाब्दिक चाचण्यांत साधारण १५ गुणांनी खाली जाते. शंभर वर्षांपूर्वीही हे लक्षात आलं होतं. रुडॉल्फ पिंटनर आणि डोनाल्ड पॅटरसन यांनी बिने चाचणी (तेव्हाची तोंडी प्रश्नोत्तरांवर चालणारी बुद्धिचाचणी) कर्णबधिर मुलांना लावून पाहिली, ती बसेना. मग १९१७ मध्ये त्यांनी लाकडी फळ्या, ठोकळे आणि चित्रांचे तुकडे यांवर आधारलेली कृतीची मापनश्रेणी प्रसिद्ध केली. म्हणजे ६८ देणाऱ्याला हे माहीत असायला हवं होतं, असं म्हणायला जागा आहे.

पण ९७ लाही डोळे मिटून शिक्का मारू नका. चाचणीच्या पेटीवर ‘अशाब्दिक’ छापणं सोपं असतं. तीन गोष्टी विचारा: सूचना कशी दिली, उत्तर कसं घेतलं, आणि गुणांची तुलना कोणाशी केली.

सूचनेपाशीच खरी गोम आहे. वेश्लरच्या मुलांसाठीच्या बुद्धिचाचणीच्या पाचव्या आवृत्तीत (२०१४) ‘अशाब्दिक निर्देशांक’ काढता येतो. त्यातल्या सहा उपचाचण्यांत मुलाला तोंडाने उत्तर द्यावं लागत नाही, पण सूचना मात्र बोलूनच दिल्या जातात. बोलता न येणाऱ्या, पण समजणाऱ्या मुलाला हे चालतं. तुमच्या मुलीला ती सूचना कशी पोचली हे विचारावंच लागेल. लायटर आणि युनिट या चाचण्या मुळातच हावभावांनी द्यायच्या म्हणून रचलेल्या आहेत. वेश्लरच्या अशाब्दिक श्रेणीत (२००६) काय करायचं ते चित्रमालिकेतून दाखवतात. नेदरलँडमधली स्नायडर्स-ऊमेन चाचणी तर १९४० च्या दशकात कर्णबधिर मुलांसाठीच जन्माला आली.

हावभावाने सूचना म्हणजे नेमकं काय, ते एका नमुना-प्रश्नावर बघा. पानावर चार चौकटी आहेत. वर डावीकडे पोकळ वर्तुळ, वर उजवीकडे भरीव वर्तुळ. खाली डावीकडे पोकळ चौकोन, खाली उजवीकडे काहीच नाही. त्याखाली सहा पर्याय. परीक्षक मुलीची नजर पानावर येईपर्यंत थांबतो. मग वरच्या ओळीवर डावीकडून उजवीकडे बोट फिरवतो, खालच्या ओळीवर तसंच फिरवतो आणि रिकाम्या चौकटीवर थांबून भुवया उंचावतो. आता एकेका पर्यायावर बोट: पोकळ चौकोन, मानेने नाही. भरीव वर्तुळ, नाही. भरीव चौकोन, हो, आणि तो रिकाम्या जागी नेल्यासारखा हात. पुढचा नमुना मुलगी स्वतः करते. चुकली तर परीक्षक पुन्हा दाखवतो. असे काही नमुने झाल्यावर गुण मोजायचे प्रश्न सुरू होतात आणि तिथून पुढे चूक-बरोबर काही दाखवायचं नसतं. हा नमुन्यांचा टप्पा घाईत उरकला असेल तर पहिले तीन-चार प्रश्न मुलगी नियम शोधण्यातच घालवते, आणि ते सर्वांत सोपे प्रश्न असतात.

तुमच्या प्रश्नाचं थेट उत्तर: सूचना हावभावाने किंवा तिच्या खुणांच्या भाषेत दिल्या असतील तर तर्कशक्तीचा अंदाज म्हणून ९७ घ्या. मात्र त्या आकड्यावरून ‘आता वाचनात अडचण येणार नाही’ असं शाळेला वाटू देऊ नका. शाळेतल्या यशाचा अंदाज शाब्दिक गुणांवरून जास्त नेमका येतो, कारण शाळा भाषेतच चालते. ९७ हा तिला भरपूर भाषा देण्याचा आधार आहे, मदत थांबवण्याचा नव्हे.

मी कर्णबधिर मुलांची विशेष शिक्षिका आहे. मुलांना चाचणीला नेताना मी नक्की कशाची काळजी घ्यावी? मानसशास्त्रज्ञांना खुणांची भाषा येत नाही, म्हणून दुभाषी म्हणून मलाच बसवतात.

आदल्या दिवशी श्रवणयंत्राची बॅटरी आणि कानातला साचा तपासा; कॉक्लिअर इम्प्लांट असेल तर प्रोसेसर चालू आहे ना ते बघा. चाचणी अशाब्दिक असली तरी हे हवंच, कारण यंत्र बंद पडलेलं मूल बावरतं. चष्मा असेल तर तो घालूनच न्या. नजर आधी तपासलेली हवी, आणि इथे हयगय नको: अशर सिंड्रोममध्ये बहिरेपणासोबत दृष्टीचा घेर हळूहळू आकसतो. असं मूल पानाच्या कडेचे पर्याय बघतच नाही आणि अहवालात ‘तर्क कमी’ असं लिहिलं जातं.

खोलीत खिडकी परीक्षकाच्या पाठीमागे नको. चेहरा अंधारात जातो. उजेड परीक्षकाच्या चेहऱ्यावर आणि टेबलावर पडावा, पानावर चमक नसावी. तुम्ही परीक्षकाच्या अगदी शेजारी, किंचित मागे बसा, म्हणजे मुलाला दोघांकडे बघायला मान फिरवावी लागणार नाही. मुलाच्या शेजारी बसू नका. नकळत बोट जातं.

सर्वांत जास्त गुण वाया जातात ते एका साध्या कारणाने. ऐकणारं मूल चित्राकडे बघता बघता सूचना ऐकतं. कर्णबधिर मुलाला एका वेळी एकच: तुमचे हात किंवा पान. परीक्षक बोलता बोलता ठोकळे पुढे सरकवतो, घड्याळ सुरू करतो आणि मूल अजून तुमच्या हातांकडेच बघत असतं. म्हणून आधी खूण, मग हात खाली, मग साहित्य, मुलाची नजर साहित्यावर पडली की मगच घड्याळ. हा क्रम परीक्षकाशी आधी बोलून ठरवा. वेळेवर गुण असलेल्या ठोकळ्यांच्या रचनेत दर प्रश्नाला चार-पाच सेकंद गेले तर जलद उत्तराचे जादा गुण हातचे जातात.

मूल मान डोलावतं यावर विसंबू नका. न कळता ‘हो’ म्हणण्याची सवय कर्णबधिर मुलांना मोठ्या माणसांनीच लावलेली असते. नमुना-प्रश्न त्याने स्वतः करून दाखवला तरच कळलं असं धरा.

दुभाषी म्हणून तुमची अडचण वेगळी आहे. ‘वरचा’, ‘आतला’, ‘उलटा’ या कल्पना खुणेत जागेसकट दिसतात. बोलीत जो शब्द नुसता नियम सांगतो, तोच खुणेत उत्तराची जागा दाखवून जाऊ शकतो. सूचना आधी वाचायला मागून घ्या आणि कोणत्या खुणा वापरायच्या ते ठरवून ठेवा. दुसरी गोष्ट चेहऱ्याची. बर्लिनमधल्या ‘हुशार हान्स’ घोड्याची गोष्ट प्रसिद्ध आहे: तो गणितं सोडवतो असं लोकांना वाटे, १९०७ मध्ये ऑस्कर फुंग्स्टने दाखवलं की तो माणसांच्या नकळत होणाऱ्या हालचाली टिपत होता. चेहरा वाचण्यातच ज्याचं आयुष्य जातं त्या मुलासमोर बरोबर पर्यायाकडे गेलेली तुमची नजर लपत नाही. मूल विचार करत असताना त्याच्या कपाळाकडे किंवा टेबलाच्या मधोमध बघा. ‘शाब्बास’ फक्त बरोबर उत्तरालाच दिली तर तोही इशाराच. कष्टाला द्या आणि दर थोड्या वेळाने द्या.

अजून एक. अंक ऐकवून ते तसेच म्हणायला लावणारी उपचाचणी खुणांनी घेऊ देऊ नका, घेतलीच तर तिचे गुण बेरजेत नकोत. ऐकणारी प्रौढ माणसं बोललेले साधारण सात अंक धरून ठेवतात, खुणांची भाषा सफाईने वापरणारी साधारण पाच. ती स्मरणशक्तीची कमतरता नव्हे, हातांच्या खुणा क्रमाने मनात घोळवण्याची रीत वेगळी पडते. चंद्रमोहन भाटिया यांच्या १९५५ च्या कृती चाचणीसंचात पाच उपचाचण्या आहेत. त्यातली तात्कालिक स्मृतीची ऐकवूनच घेतली जाते. ‘कृती चाचणी’ हे नाव बघून सगळा संच सरसकट लावला तर इथेच घोटाळा होतो.

फक्त सेगाँ फॉर्म बोर्ड करून मुलाचा बुद्ध्यांक लिहून दिला. एवढं पुरेसं आहे का?

नाही. फळीत दहा आकारांचे खाचे, दहा ठोकळे, तीन फेऱ्या आणि त्यातला सर्वांत कमी वेळ गुणांसाठी. आकार ओळखणं आणि हाताचा वेग इतकंच त्यातून कळतं. लहान वयात, पाच मिनिटांत, ‘पुढे तपासायला हवं का’ हे ठरवायला ती छान आहे, मुलंही खुशीत करतात. पण दहाएक वर्षांपुढे सगळेच भराभर करतात, आणि हात ताठ असलेल्या मुलाचा वेळ बुद्धीशी संबंध नसताना वाढतो. माणसाचं चित्र काढायला लावणारी गुडइनफची चाचणी (१९२६) हीसुद्धा याच पंक्तीतली. तिच्या एकटीवर आकडा उभा करू नये.

माझा मुलगा पाच वर्षांचा. ऐकू व्यवस्थित येतं, पण वाक्यं तुटक, सांगितलेलं अर्धंच कळतं. अशाब्दिक चाचणीत ८२ आले. ‘८५ च्या खाली आहे, म्हणजे हा भाषेचा विकार नाही, एकूणच मागे आहे, भाषेच्या उपचारांचा उपयोग नाही’ असं सांगितलं. हे बरोबर आहे का?

ही ८५ ची रेघ जुनी आहे. संशोधनासाठी सारखी मुलं निवडायला ती ओढली गेली आणि पुढे दवाखान्यांत नियम होऊन बसली. डॉरोथी बिशप यांच्या पुढाकाराने झालेल्या तज्ज्ञांच्या सहमतीत (२०१६-१७) भाषा आणि अशाब्दिक गुण यांत तफावत हवीच ही अट काढून टाकली गेली. बौद्धिक अक्षमता नसेल तर अशाब्दिक गुण सरासरीखाली असूनही ‘विकासात्मक भाषा विकार’ म्हणता येतं.

शिवाय ८२ हा आकडाही एवढा टोकदार नाही. चाचणीची विश्वसनीयता (पुन्हा घेतली तर आकडे किती तसेच येतात ते) ०.९१ आणि प्रमाण विचलन (गुण सरासरीभोवती किती पसरतात ते) १५ धरलं तर मोजणीची प्रमाण त्रुटी ४.५ गुण येते. ९५ टक्के खात्रीचा पट्टा दोन्ही बाजूंना सुमारे ९ गुणांचा. म्हणजे मुलाचा आकडा ७३ ते ९१ मध्ये कुठेतरी. ८५ ची रेघ या पट्ट्याच्या आतच पडते. ज्या अहवालात पट्टा दिलेला नाही तो अर्धा अहवाल.

आणि अशाब्दिक चाचणीतही भाषा मागच्या दाराने येतेच. आकृतिबंध, म्हणजे आकृत्यांमधला नियम ओळखून रिकामी चौकट भरायचे प्रश्न, सोडवताना आपण मनात म्हणतो, ‘दोन रेघा, मग तीन, म्हणजे आता चार, रंग मात्र उलटा.’ सोप्या प्रश्नांत नुसतं बघून भागतं, पुढच्या प्रश्नांत दोन नियम एकदम धरून ठेवायला हे मनातलं बोलणं कामी येतं. ज्याचं ते बोलणंच अपुरं आहे त्याचे गुण थोडे खाली येतात. भाषेच्या अडचणी असलेल्या मुलांची अशाब्दिक सरासरीही म्हणूनच बाकीच्यांपेक्षा काहीशी कमी भरते.

बौद्धिक अक्षमतेचं निदान नुसत्या आकड्यावर होतच नाही. कपडे घालणं, खाणं, खेळातले नियम, धोका ओळखणं अशा रोजच्या व्यवहारातल्या क्षमतांची वेगळी तपासणी लागते, तीही भाषेचे मुद्दे वेगळे काढून वाचावी लागते. ती झाली नसेल तर ‘एकूणच मागे’ हे विधान घाईचं आहे. भाषेचे उपचार सुरू करा. ते या आकड्यावर अडवायचं काहीच कारण नाही.

बाबांना आठ महिन्यांपूर्वी पक्षाघाताचा झटका आला. उजवी बाजू लुळी, बोलणं जवळजवळ गेलं. रेव्हनच्या रंगीत चाचणीत ३६ पैकी ११ आले. आई म्हणते, त्यांना सगळं कळतं. हा आकडा काय सांगतो?

आकड्याआधी उत्तरपत्रिका मागा. रेव्हनची रंगीत चाचणी आकृतिबंधांचीच; तिच्यात बारा-बारा प्रश्नांचे तीन संच असतात आणि प्रत्येक प्रश्नाला सहा पर्याय. प्रश्न न बघता बोट ठेवत गेलं तरी सरासरी ६ बरोबर येतात. शंभरांतल्या तिघांना तर ११ किंवा त्याहून जास्तही. तेव्हा ११ मधले किती विचारातून आले आणि किती दैवाने, ते नुसत्या बेरजेतून दिसणार नाही. प्रत्येक संच सोप्याकडून अवघडाकडे जातो. तिन्ही संचांतले सुरुवातीचे तीन-चार बरोबर आणि पुढचे चूक असतील तर बाबा विचार करत होते, अवघड आल्यावर थांबले. बरोबर उत्तरं कुठेही विखुरलेली असतील तर अंदाज. आणि उत्तरं सारखी एकाच जागेची, समजा डाव्या बाजूचीच, असतील तर प्रश्न बहुधा नजरेचा आहे.

हे शेवटचं तुमच्या बाबतीत खरंच तपासा. उजवी बाजू गेली म्हणजे इजा मेंदूच्या डाव्या भागात. अशा वेळी दोन्ही डोळ्यांच्या दृष्टीचा उजवा अर्धा भाग जाण्याची शक्यता असते. पर्याय पानावर आडवे मांडलेले असल्याने उजवीकडचे त्यांना दिसतच नसतील. उपाय साधा: पुस्तिका किंचित डावीकडे सरकवायची, प्रत्येक प्रश्नाला परीक्षकाने सहाही पर्यायांवरून बोट फिरवायचं आणि त्यांची नजर मागे येते ना ते बघायचं. पर्याय उभ्या रांगेत मांडूनही घेतात. वेळेची मर्यादा नको, कारण उत्तर डाव्या हाताने द्यायचं आहे. सकाळी, विश्रांती झालेली असताना, आणि थकवा दिसला तर दोन बैठकांत घ्या.

आई म्हणतात ते आणि हा आकडा यांत विरोध असेलच असं नाही. आकृतिबंध तर्क मोजतात. बोललेलं किती कळतं हे वाचाघाताच्या (मेंदूच्या इजेने भाषा जाण्याच्या) वेगळ्या तपासणीत कळतं, आणि घरातली सवयीची वाक्यं, वेळ, चेहरा यांवरून माणसाला खूप काही उमगत असतं. आर्थिक किंवा उपचारांचे निर्णय बाबा घेऊ शकतात का, हा तिसराच प्रश्न; त्यासाठी तो ठरावीक निर्णय चित्रं, हो-नाही कार्डं, लिहिलेले शब्द वापरून त्यांच्यासमोर मांडावा लागतो. ११ गुण दाखवून त्यांची सही बाजूला ठेवायला कोणी सांगत असेल तर नकार द्या.

आमची मुलगी सेरेब्रल पाल्सीमुळे बोलत नाही, बोटही नेमकं दाखवता येत नाही. तिची चाचणी होऊ शकते?

होते. निवड करून उत्तर देता येईल अशी चाचणी घ्यायची आणि ठोकळे, तुकडे, घड्याळ असलेल्या उपचाचण्या टाळायच्या. कोलंबिया श्रेणी अशाच मुलांना डोळ्यांसमोर ठेवून रचली गेली: कार्डावरच्या चित्रांतलं वेगळं कोणतं तेवढं दाखवायचं. नजरेने उत्तर द्यायचं असेल तर पर्याय कापून मोठ्या पारदर्शक फळीच्या कोपऱ्यांत लावतात आणि परीक्षक फळीच्या पलीकडे बसून ती कुठे बघते ते टिपतो. आधी ओळखीच्या वस्तूंवर सराव घ्या: ‘चेंडू कुठे’, ‘चमचा कुठे’. दहापैकी नऊ वेळा नजर भरवशाची आली तरच पुढे जा. एवढे बदल केल्यावर तिचे गुण मूळ तक्त्याशी, म्हणजे त्या वयाच्या इतर मुलांच्या गुणांशी, काटेकोर ताडता येत नाहीत. अहवालात बदल लिहून ‘किमान इतकं जमतं’ अशा भाषेत निष्कर्ष यावा.

चाचणी किती जुनी असली तर चालते? आणि घरी नेटवरच्या आकृत्यांचा सराव करून घेतला तर बिघडतं का?

तुलनेचे तक्ते जुने झाले की आकडे फुगतात. जेम्स फ्लिन यांनी दाखवल्याप्रमाणे बऱ्याच देशांत विसाव्या शतकात सरासरी गुण दर दशकाला सुमारे ३ ने वाढले, आकृतिबंधांसारख्या अशाब्दिक चाचण्यांत त्याहून जास्त. तीस वर्षांपूर्वीच्या तक्त्यावर आलेले ९५ आजच्या तक्त्यावर ८६ च्या आसपास उतरू शकतात. म्हणून अहवालात चाचणीच्या नावापुढे आवृत्ती आणि तक्त्याचं वर्ष लिहून मागा. कर्णबधिर मुलांचा वेगळा तक्ता वापरला असेल, जसा हिस्की-नेब्रास्का चाचणीत असतो, तर तेही लिहिलेलं हवं. ऐकणाऱ्यांच्या तक्त्यावर ९० आणि कर्णबधिरांच्या तक्त्यावर ९० यांचा अर्थ एक नाही.

सरावाने बिघडतं. आकृतिबंधांचा नियम एकदा कळला की पुढच्या वेळी गुण उगाच चढतात, म्हणूनच तीच चाचणी वर्षाच्या आत पुन्हा घेणं टाळतात. घरी ठोकळे, जिगसॉ, चित्रं क्रमाने लावणं असे खेळ खुशाल खेळा. तुकडे जोडायचे असतात एवढंही ज्या मुलाने कधी पाहिलेलं नाही, त्याच्यावर चाचणीत अन्याय होतो. फक्त चाचणीतले प्रश्न किंवा त्यांच्या नकला नकोत. आणि सराव झालाच असेल तर परीक्षकाला आधी सांगा, तो दुसरी चाचणी काढेल.